नुसता 'आफ्रिकी तडका' नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत नृत्यपटांवर आलेल्या लेखात 'डान्सिंग ॲट डस्क' या नृत्यपटाची बोळवण 'बॅलेला आफ्रिकी तडका' अशी एका ओळीत केली आहे. ती पटली नाही. जर्मन नृत्यदिग्दर्शिका पिना बाउश यांनी १९७५ साली जर्मनीतल्या वुपरटालमध्ये स्ट्रॅविन्स्कीच्या 'राइट ऑफ स्प्रिंग' या संगीतावर जी नृत्यरचना बसवली, तीच इथे आहे. त्यांच्याच संचातल्या जुन्या नर्तकांनी ती सेनेगलमध्ये १४ आफ्रिकी देशांतल्या ३८ जणांकडून बसवून घेतली. वरून फोडणी दिलेली नाही.

बदलली ती जमीन. मूळ प्रयोगात रंगमंचावर काळी माती पसरतात, इथे सेनेगलमधल्या तुबाब दियालाव गावाचा समुद्रकिनारा आहे. मार्च २०२० मध्ये कोरोनामुळे दौरा बारगळला आणि पांगण्याआधीची शेवटची तालीम कॅमेऱ्यात धरली गेली. संध्याकाळचा उजेड कमी होत जातो, लाल पोशाख या मुलीकडून त्या मुलीकडे जातो, आणि तो कुणाच्या अंगावर चढणार या धास्तीने सगळ्याजणी आक्रसतात. नरबळीची गोष्ट आहे, हे वेगळं सांगावं लागत नाही. पारंपरिक बॅलेत शरीराची सगळी ओढ वर असते. या रचनेत मात्र वजन जमिनीत उतरतं, त्यामुळे साबारसारख्या सेनेगली नाचांवर वाढलेल्यांना ती अगदीच परकी वाटली नसावी, असा माझा तर्क. (याच नृत्यपटाच्या दिग्दर्शकाच्या 'डान्सिंग पिना' या माहितीपटात ड्रेस्डेनच्या ऑपेरातले बॅले नर्तकही बाउश यांचीच दुसरी रचना शिकताना दिसतात. त्यांचीही दमछाक होतेच!)

लेखात सेनेगलच्या नृत्यदिग्दर्शिका जर्मेन आकोन्यी यांचं नावही नाही, हे जास्त खटकलं. हे सगळं घडलं ते त्यांच्या 'एकोल दे साब्ल' या नृत्यशाळेत. बॅलेतले मोठे नाव मोरिस बेजार आणि सेनेगलचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष सेंघोर यांच्या पुढाकाराने १९७७ साली डाकारमध्ये निघालेली 'मुद्रा आफ्रिक' ही नृत्यसंस्थाही त्यांनीच चालवली. पश्चिम आफ्रिकेतले नाच आणि युरोपीय तालीम यांतून त्यांनी स्वतःचं तंत्र घडवलं. त्यात पाठीचा कणा हा सगळ्याचा आधार, छाती म्हणजे सूर्य. २०२१ साली व्हेनिस बिएनाले या कलामहोत्सवाने त्यांना सुवर्णसिंह पुरस्कार दिला.

लावणी, कथक आणि भांगडा यांना कुणी सरसकट 'इंडियन डान्स' म्हटलं की आपण चिडतो. मग १४ देशांना एका तडक्यात कसं बसवायचं? पुरवणीत आकोन्यीबाईंवर एक सविस्तर लेख द्यावा, ही विनंती.

आपला,
एक वाचक, पुणे