हप्त्यापलीकडचे गृहकर्ज

महोदय,

माझ्या भाच्याने जळगावात फ्लॅटसाठी 20 लाखांचे कर्ज घेतले. दर 9 टक्के, मुदत 20 वर्षे, हप्ता 17,995 रुपये. ‘मामा, भाड्यात थोडी भर घातली की घर आपलं,’ म्हणाला. परतफेडीचा तक्ता त्याने उघडलाच नव्हता. शेवटी ओट्यावर बसून दोघांनी पाहिला. पहिल्या हप्त्यात व्याज 15,000 आणि मुद्दल जेमतेम 2,995! एकूण फेड 43 लाखांच्या वर. पोरगा गप्पच झाला.

सही घेताना हे त्याला कुणीच समजावले नाही, याची मला चीड येते. 1 ऑक्टोबर 2024 पासून नव्या कर्जांना सर्व खर्च धरून वार्षिक दर आणि हा तक्ता दाखवणारे ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ कर्जदाराला समजेल अशा भाषेत देणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले आहे. ते मराठीतूनच मागा. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंडही नाही. वर्षाला एक जादा हप्ता भरला तर भाच्याचे कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी फिटते. दिवाळीत कपाशीचे पैसे आले की पहिला जादा हप्ता भरायचे त्याने ठरवले आहे.

– एक वाचक, भुसावळ