काळी पाचपासून पांढरी चारपर्यंत

प्रिय मंदार,

सप्रेम नमस्कार.

तुमचा बारा जणांचा ग्रुप डिसेंबरच्या कार्यक्रमात क्वीन या ब्रिटिश रॉक बँडचं ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ अख्खं करणार, हे वाचून मनापासून आनंद झाला. तू दोन गोष्टी विचारल्यास: हे गाणं पन्नास वर्षं का टिकलं आणि ते मंचावर कसं उभं करायचं. माझ्या मते दोन्हींचं उत्तर एकाच ठिकाणी, मधल्या ऑपेराच्या, म्हणजे पाश्चात्त्य संगीतनाटकाच्या ढंगाच्या भागात आहे. पण तिथे पोचण्याआधी पट्ट्या नीट बघ, कारण बहुतेक ग्रुप तिथेच घसरतात.

आपल्याकडे एकदा षड्ज लावला की मैफल संपेपर्यंत तो हलत नाही. इथे षड्जच चालतो. सुरुवात काळी पाचवर, म्हणजे पेटीच्या सप्तकातल्या पाचव्या काळ्या पट्टीवर. गिटारचा तुकडा येईपर्यंत सा काळी दोनवर गेलेला असतो, म्हणजे आधीच्या सा च्या मध्यमावर. हा बदल इतका अलगद होतो की कानाला काही घडल्यासारखं वाटतही नाही. मग सगळं थांबतं आणि पियानो एकटाच पांढरी सहावर टकटक करू लागतो. पेटी घेऊन बघ, काळी दोनचा तीव्र मध्यम म्हणजे पांढरी सहा. जुन्या सा पासून याहून लांबचा स्वर सप्तकात नाही. ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा येतो तो यामुळे, आणि गाणाऱ्यांचा सूर जातो तोही यामुळेच. कानात काळी दोन घुमत असते आणि पहिलाच स्वर खाली बसतो. उपाय साधा आहे. पियानोचे ठोके सुरू झाले की सगळ्यांनी मिटल्या ओठांनी नवा सा धरायचा आणि मगच तोंड उघडायचं. तालमीत गाणं दर वेळी पहिल्यापासून घेऊ नका. गिटारच्या शेवटच्या दोन ओळी आणि ऑपेराच्या पहिल्या दोन ओळी, एवढाच सांधा रोज दहा वेळा घ्या.

ऑपेरा संपताना सूर परत काळी पाचवर येतो, पण आता ती काळी दोनचा पंचम असते. त्या पंचमावरून रॉकचा भाग काळी दोनवर आदळतो, म्हणून तो एवढा जोरकस वाटतो. त्या जागी सगळ्यांत वर जो लांबलचक स्वर ऐकू येतो तो ड्रम वाजवणाऱ्या रॉजर टेलरचा आहे, खोट्या आवाजात लावलेला. तुमच्यात चार बायका आहेत, त्यांतल्या एकीला तो द्या. पुरुषाने हट्टाने ओढला तर फाटेल. शेवटी गाणं शांत होत पांढरी चारवर विसावतं. जिथून निघालं तिथे ते परतत नाही.

लयीचं गणितही आपल्या भाषेत सोपं आहे. पहिला भाग मिनिटाला साधारण ७२ मात्रांचा. ऑपेराला लय वाढत नाही, दुगुण होते. हे ड्रमरला नक्की सांग, कारण उत्साहात तो तिथे पळतो आणि शब्द तोंडात मावेनासे होतात. रॉकच्या भागात प्रत्येक मात्रेचे तीन तुकडे पडतात, म्हणजे तिस्र जाती. तिथे सरळ चारचा ठेका वाजवला तर सगळं कवायतीसारखं वाटेल.

आता तो मधला भाग. १९७५च्या ऑगस्टमध्ये वेल्समधल्या रॉकफील्ड स्टुडिओत ध्वनिमुद्रण सुरू झालं. निर्माता रॉय थॉमस बेकर. आधी पियानो, बास आणि ड्रमचा पाया मुद्रित केला आणि ऑपेरासाठी टेपवर रिकामी जागा सोडली. गाणं रचणारा आणि गाणारा फ्रेडी मर्क्युरी तिथे आणखी आणखी ‘गॅलिलिओ’ हा शब्द घालत गेला आणि ती जागा लांबत गेली. टेप २४ ट्रॅकची होती. मर्क्युरी, गिटारवादक ब्रायन मे आणि टेलर तिघं मिळून एक ओळ एका सुरात म्हणत, तीच पुन्हा म्हणत, मग कॉर्डमधला दुसरा स्वर, मग तिसरा. ट्रॅक भरले की ते सगळे एका ट्रॅकवर उतरवून जागा मोकळी करायची आणि पुन्हा सुरुवात. एवढ्या एका भागाला तीन आठवडे गेले, आणि थरांची संख्या १८०च्या आसपास सांगितली जाते. टेप यंत्रातून इतक्या वेळा फिरली की तिच्यावरचा लेप झिजून ती उजेडात आरपार दिसू लागली.

यातून तुम्ही उचलायचं ते असं. तो भरदार आवाज वेगवेगळ्या गळ्यांचा नाही, तीनच गळ्यांनी पुन्हा पुन्हा तंतोतंत म्हटलेल्या एकाच स्वराचा आहे. म्हणून बारा जणांचे बारा सूर करू नका. चार वर, चार मध्ये, चार खाली, आणि प्रत्येक चौकडीने अगदी एकच स्वर गायचा. ‘गॅलिलिओ’तला शेवटचा ओ सगळ्यांचा सारखाच गोल हवा. एकाचा अव झाला की भिंतीला भेग पडते. शब्दाच्या शेवटी येणारा स प्रत्येक चौकडीत एकानेच उच्चारायचा, नाहीतर सापाचा फूत्कार ऐकू येतो. त्याच भागातला ‘बिस्मिल्ला’ आपल्या जिभेला सोपा, त्यामुळे आपली माणसं तो लांबवतात. तो तोडून, ठोक्यावर म्हणा. सुरुवातीच्या पियानोविना ओळींत मात्र पाचही स्वर एकट्या मर्क्युरीचेच आहेत, तेव्हा तिथे बारा जण नकोत. एकसारख्या पोताचे पाच जण निवड.

गिटारवाल्याला वेग विसरायला सांग. मे नाण्याने तार छेडतो आणि तो तुकडा गाण्यासारखा वाजवतो. आधी तोंडाने गाऊन पाठ करायचा, मग हातात घ्यायचा. तार ओढून घेतलेली मींड वरच्या स्वरापर्यंत पूर्ण पोचली नाही तर तिथे दुसरं काही झाकायला नसतं. रॉकची ओळ मर्क्युरीने पियानोवर रचलेली, म्हणून ती गिटारच्या बोटांना अवघड जाते. खुद्द मेलाही तिच्याशी झुंजावं लागे. तिला आठवडाभर जास्त द्या.

मर्क्युरी पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत वाढला आणि तिथल्या मुलांच्या बँडमध्ये पियानो वाजवायचा, हे निवेदनात जरूर सांगा. पण या गाण्यात पाचगणी शोधू नका. २०२३मध्ये त्याचे हस्तलिखित कागद लिलावात आले, तेव्हा एका पानावर ‘मंगोलियन ऱ्हॅप्सडी’ लिहून खोडलेलं दिसलं. अर्थ लावत बसणाऱ्यांनी ते खोडलेलं नाव जरूर बघावं. आधी नाद, मग अर्थ, असं हे काम आहे.

टिकण्याचं म्हणशील तर, ३१ ऑक्टोबर १९७५ला ही तबकडी आली तेव्हा जवळजवळ सहा मिनिटांचं गाणं रेडिओ लावेल असं कंपनीला वाटत नव्हतं. निवेदक केनी एव्हरेटने लंडनच्या कॅपिटल रेडिओवर एका शनिवार-रविवारात ते १४ वेळा वाजवलं. ब्रिटनमधल्या खपाच्या यादीत ९ आठवडे ते पहिलं राहिलं. मर्क्युरी १९९१मध्ये गेल्यावर पुन्हा ५ आठवडे. १९९२मध्ये एका विनोदी चित्रपटात गाडीत बसलेल्या पोरांनी त्यावर माना हलवल्या आणि अमेरिकेत ते दुसऱ्या क्रमांकावर गेलं. हे सगळं खरं, पण चित्रपट आणि जाहिराती इतर गाण्यांच्याही वाट्याला येतात.

माझं म्हणणं वेगळं आहे. या गाण्याला परत परत येणारं धृपद नाही, त्यामुळे ते अर्धवट पाठ होत नाही. झालं तर पूर्ण होतं. आणि चौघांना मंचावर गाता येणार नाही असा भाग त्यांनी स्वतःच त्यात घडवला. क्वीनने ऑपेरा प्रत्यक्ष कधी गायला नाही. त्या वेळी टेप लागायची, चौघं आत जायचे आणि रॉकच्या ठोक्याला परत यायचे. ती मोकळी जागा ऐकणाऱ्यांनी घेतली. २०१७मध्ये लंडनच्या हाइड पार्कात ग्रीन डे या बँडच्या कार्यक्रमाआधी नुसती ध्वनिफीत वाजली आणि सुमारे ६५ हजार माणसांनी ऑपेरासकट ते पूर्ण गायलं. मंचावर कोणीच नव्हतं.

म्हणून तुझ्या बारा जणांतली खालच्या स्वराची चौकडी मंचावर ठेवूच नकोस. तिला प्रेक्षकांत विखरून बसव, दोघं पुढे, दोघं मागे. मंचावरून हाक गेली की उत्तर खुर्च्यांतून येऊ दे. शेजारचे आपोआप धरतील. त्यांचा आवाज क्षणभर मागे पडेल, तेव्हा पियानोवाल्याने थांबू नये आणि ड्रमरने कानातल्या ठोक्यावरच राहावं. आठवडाभर आधी हा भाग बसला नाही, तर पहिल्या भागापाशी थांबून दुसरं गाणं घ्या. १९८५च्या लाइव्ह एड या मदतनिधीच्या मैफलीत क्वीनने लंडनच्या वेम्बली स्टेडियममध्ये तेच केलं होतं.

शेवटी गाँगचा, म्हणजे टांगलेल्या मोठ्या धातूच्या थाळीचा, एक हलका टोला आहे. काशाची मोठी थाळी आणि कापड गुंडाळलेली काठी चालेल. काठावर नको, मध्याच्या जरा बाजूला मार, आणि नाद पूर्ण विरेपर्यंत दिवे लावू देऊ नकोस.

तालमीची ध्वनिफीत पाठव.

तुझा,
अनिरुद्ध