हंसाची चोच चालवायला शिकवलेत, त्याबद्दल

सप्रेम नमस्कार, विनंती विशेष.

हे पत्र केवळ आपल्यालाच पाठवले असते तरी चालले असते. परंतु आपण जे शिकवलेत ते माझ्यासारख्या इतर नवशिक्यांच्याही कामी येईल, आणि अशा मदतीचे श्रेय चारचौघांत दिलेले बरे, म्हणून ते उघडपणे लिहीत आहे. 'अनटायटल्ड गूज गेम' या व्हिडिओ खेळात वस्तू उचलणे, चोचीत धरून ठेवणे, ओढत नेणे आणि योग्य वेळी सोडून देणे हे सारे आपण मला फोनवरून, माझा पडदा एकदाही न पाहता, कमालीच्या धीराने शिकवलेत. आपली ओळख एका सामायिक स्नेह्यापुरती. त्या जोरावर एवढा वेळ मागण्याचा मला अधिकार नव्हता, आणि आपण तो मागण्याची वेळही येऊ दिली नाहीत.

हा खेळ ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडेसे. मेलबर्नच्या 'हाउस हाउस' या छोट्याशा चमूने तो तयार केला, 'पॅनिक' या कंपनीने तो २० सप्टेंबर २०१९ रोजी प्रकाशित केला आणि पुढच्या वर्षी त्याला 'गेम डेव्हलपर्स चॉइस' पुरस्कारांत वर्षातील सर्वोत्तम खेळाचा मान मिळाला. एका शांत इंग्रजी वळणाच्या खेड्यात एक पांढरा हंस शिरतो आणि माळी, दुकानदार, शेजारीपाजारी, पबमधली मंडळी या सर्वांना सळो की पळो करून सोडतो. हाती कामांची एक यादी असते आणि त्यातले एकही काम सभ्य नसते. या खेळाविषयी लोक बोलतात ते बहुधा हंसाच्या कर्कश ओरडण्याविषयी. माझ्या मते ते त्याच्या चोचीवर अन्याय करणारे आहे, कारण यादीतली बहुतेक कामे शेवटी चोचीवरच येऊन ठेपतात.

आपली पहिली सूचनाच मला फार आवडली. कंट्रोलरवरची, म्हणजे खेळ चालवण्यासाठी हातात धरायच्या उपकरणावरच्या बटणांची, अक्षरे विसरा, जागा लक्षात ठेवा, असे आपण म्हणालात. त्यामागचे कारण मला नंतर उमगले: निन्टेन्डो स्विच, एक्सबॉक्स आणि प्लेस्टेशन ही खेळ खेळण्याची तीन वेगळी यंत्रे; स्विचवर ज्या बटणावर 'ए' लिहिलेले असते, त्याच जागी एक्सबॉक्सच्या कंट्रोलरवर 'बी' असते आणि प्लेस्टेशनवर वर्तुळ असते, त्यामुळे समोरच्याच्या हातात काय आहे हे न पाहता अक्षरे सांगणारा मनुष्य मदतीऐवजी गोंधळच वाढवतो. उजवीकडच्या चार बटणांपैकी खालचे धावण्याचे, डावीकडचे ओरडण्याचे आणि उजवीकडचे चोचीचे. डावा ट्रिगर, म्हणजे कंट्रोलरच्या वरच्या कडेवरचे बोटाने दाबायचे बटण, दाबला की मान खाली जाते, उजवा दाबला की पंख पसरतात. एवढे सांगून आपण डोळे मिटायला लावलेत आणि एकेका क्रियेचे नाव घेऊन ती करायला सांगितलीत. पंखांचा उपयोग काय, असे मी विचारले तेव्हा आपण हसून "रुबाब" एवढेच उत्तर दिलेत, आणि खरोखर मला आजवर त्यांचा दुसरा उपयोग सापडलेला नाही.

नंतर आपण यादीकडे पाहू दिले नाहीत. माळ्याच्या बागेत शिरायचे, एक गाजर उचलायचे, चार पावले चालायचे, ठेवायचे, पुन्हा उचलायचे. माळी पाठीमागे लागला तर लागू द्यायचा. या सरावात आपण ज्या गोष्टींकडे माझे लक्ष वेधलेत, त्या खेळ स्वतः क्वचितच शब्दांत सांगतो. सुरुवातीला पडद्यावर बटणांच्या दोनचार खुणा दिसतात, त्या संपल्या की पुढचे सारे खेळणाऱ्याच्या निरीक्षणावर सोडलेले असते. हंस एखाद्या वस्तूजवळ गेला की त्याचे डोके आपोआप तिच्याकडे वळते. जवळजवळ पडलेल्या दोन वस्तूंपैकी कोणती उचलली जाणार, हे त्या डोक्याच्या कलावरून बटण दाबण्याआधीच कळते, आणि कल चुकीच्या वस्तूकडे असेल तर बटण दाबत राहण्यापेक्षा अर्धे पाऊल बाजूला सरकणे शहाणपणाचे असते. दुसरे असे की, हलकी वस्तू एकदा चोचीत आली की ती तिथेच राहते आणि बटण पुन्हा दाबल्यावर सुटते. अंगठा आवळून ठेवण्याची गरज नसते. हे कळल्यावर माझा अंगठा मोकळा झाला आणि धावण्याच्या बटणाला उपलब्ध झाला.

याहून महत्त्वाचे म्हणजे, या खेळात पिशवी नाही. इतर अनेक खेळांत पात्र वाटेत दिसेल ते गोळा करत जाते आणि ते कुठल्यातरी अदृश्य कोठारात साठत राहते. हंसाजवळ एक चोच आहे आणि तिच्यात एका वेळी एकच वस्तू मावते. म्हणून प्रत्येक वेळी काही उचलण्याआधी, आत्ता जे चोचीत आहे ते कुठे ठेवायचे, हा प्रश्न आधी सोडवावा लागतो. आपण मला खऱ्या अर्थाने शिकवलेत ते हे ठेवणे. सहलीच्या कामात सँडविच, सफरचंद, भोपळा, गाजर, जॅम, थर्मास, रेडिओ आणि टोपली अशा आठ वस्तू एका पसरलेल्या चादरीवर आणायच्या असतात. मी थेट एकेक वस्तू चादरीपर्यंत नेऊ लागले होते. आपण मधली जागा सुचवलीत: वस्तू आधी माळ्याच्या नजरेबाहेर एखाद्या झुडपाआड आणून टाकायच्या, आणि तो दुसरीकडे गुंतला की तिथून पुढे न्यायच्या. काम दुप्पट वाटते, पण पळापळ निम्म्यावर येते.

रेडिओची गोष्ट मात्र वेगळीच निघाली. तो चोचीत धरताच वाजू लागतो आणि माळी लगेच मान वळवतो. झुडपाआडचा उपाय इथे चालत नाही, असे मी आपल्याला जरा कुरकुरतच कळवले. त्यावर आपण सांगितलेत की, वस्तू हिसकावून घेतल्यावर माणूस ती मूळ जागी नेऊन ठेवतो, आणि तो जेवढा वेळ तिकडे जातो-येतो तेवढा वेळ उरलेली बाग आपली असते. म्हणजे एखादी वस्तू मुद्दाम दाखवून, थोडी दूर नेऊन, आपणहून सोडून द्यायची आणि तो ती परत ठेवायला गेला की खरी हवी असलेली वस्तू उचलायची. रेडिओ हा असा उत्तम चारा ठरला. त्याला अखेर चादरीवर नेले तेव्हा माळी दुसरेच काही आवरत होता.

जड वस्तूंसाठी आपण वेगळा धडा ठेवला होता. भोपळा किंवा टोपली उचलली जात नाही, ती ओढावी लागते, आणि ओढताना हंस वस्तूकडे तोंड करून उलट्या पावलांनी चालतो. पाठ जिकडे, तिकडे प्रवास. गाडी मागे घेणाऱ्याला जशी मागच्या वाटेची आधी पाहणी करावी लागते, तशी इथेही करावी लागते. वस्तूला चोच लावण्यापूर्वी हंसाला त्या वाटेने एकदा मोकळा चालवून आणण्याची सवय आपण मला लावलीत. माळ्याचे दंताळे तळ्यात टाकण्याच्या कामात तिचा फार उपयोग झाला. दंताळे लांब, त्यामुळे आपण ते कुठे धरतो यावर सारे अवलंबून असते: मधोमध धरले तर दोन्ही टोके वाटेतल्या प्रत्येक खांबाला अडतात, दांड्याच्या टोकाला धरले तर उरलेला भाग मागून निमूटपणे घसरत येतो. फाटकापाशी अडकलेच तर जोर लावत बसू नका, सोडा, दुसऱ्या टोकाकडे जा, तिथून धरा, असे आपण म्हणालात. जोर लावून काही होत नाही हे मला पटायला थोडा वेळ लागला, कारण अडलेल्या वस्तूला हिसके देणे हा मनुष्यस्वभाव आहे.

माणसांच्या अंगावरच्या वस्तूंबद्दल आपण विशेष हौसेने बोललात, ते आठवले की अजूनही हसू येते. माळ्याच्या कमरेला लटकणाऱ्या किल्ल्या, त्याच्या डोक्यावरची टोपी, रस्त्यावरच्या चष्मेवाल्या मुलाच्या बुटांची नाडी: या सगळ्यांना हात घालण्याचा, म्हणजे चोच घालण्याचा, क्षण ठरलेला असतो. टोपी घ्यायची तर माळी वाकायला हवा, नाडी ओढायची तर मान खाली हवी. मान खाली घालून हंस हळू चालतो, हे सुरुवातीला मला केवळ अडचणीचे वाटत असे. आपण ते संयमाचे साधन म्हणून समजावून दिलेत. डावा ट्रिगर दाबून मागून जवळ जायचे, थांबायचे, तो खाली वाकेपर्यंत काहीच करायचे नाही, आणि मग चोचीचे बटण एकदाच दाबून लगेच ट्रिगर सोडायचा व धावण्याचे बटण धरायचे. ट्रिगर सोडायला विसरले तर किल्ल्या चोचीत असूनही हंस रांगतच राहतो, आणि माळ्याला धावावेही लागत नाही. दोन बोटांची ही अदलाबदल आपण फोनवर "सोड, धर" असा ताल धरून माझ्याकडून घोटून घेतलीत. दुसऱ्याच्या हातात असलेली वस्तूही धरता येते, हे मग दुकानदारीणबाईंच्या झाडूने शिकवले. त्या हाकलायला झाडू पुढे करतात, हंस त्याचे टोक पकडतो, ओढाताण होते आणि झाडू मोडतो. तिथे शिकवण्यासारखे फारसे काही नव्हते, असे आपणही म्हणालात.

एका गोष्टीसाठी मात्र वेगळे आभार मानायला हवेत, कारण तिचा यादीशी काहीही संबंध नव्हता. चोचीत वस्तू असतानाही हंस ओरडू शकतो आणि काही वस्तूंमुळे तो आवाज बदलतो, हे आपण मला सहज म्हणून सांगितलेत. बाटलीतून तो पोकळ घुमतो, माउथ ऑर्गन धरला असेल तर चक्क सूर निघतो, आणि वॉकीटॉकी धरून ओरडले तर तो आवाज दूर पडलेल्या दुसऱ्या वॉकीटॉकीतून बाहेर पडतो. त्या दिवशी एकही काम पुढे सरकले नाही. खेळ करणाऱ्यांनी इतक्या बारीक गमतीसाठी कष्ट घेतले आणि ती कुठेही जाहीर न करता तशीच ठेवून दिली, याचे मला कौतुक वाटते. आपण ती स्वतः शोधून काढायला माझ्यावर सोडली नाहीत, याचेही वाटते, कारण मी ती शोधली नसती.

शेवटच्या कामात एक लहानशी सोनेरी घंटा साऱ्या गावातून परत न्यायची असते. ज्यांचा खेळ व्हायचा आहे त्यांच्यासाठी याहून अधिक सांगत नाही. एवढेच सांगते की घंटा चोचीत असेपर्यंत प्रत्येक पावलाला वाजते आणि ऐकणारे सगळे वाटेवर हजर असतात. या वेळी मी आपल्याला फोन केला नाही. घंटा कुठे खाली ठेवायची, ती ठेवून आधी कोणाला दुसरीकडे पळवायचे, आणि कोणत्या वळणावर न थांबता धावत सुटायचे, हे माझे मलाच सुचत गेले. वाटेत एकदा ती हिसकावली गेली, तेव्हा ती परत ठेवणाऱ्याच्या मागोमाग मान खाली घालून शांतपणे चालत जाण्याइतके भानही राहिले. बाग, झुडूप, रेडिओ आणि ती अदलाबदल, सारे त्या एका फेरीत कामी आले.

आता एक विनंती. २३ सप्टेंबर २०२० पासून या खेळात दोन हंसांनी मिळून खेळण्याची सोय विनामूल्य जोडली गेली आहे, आणि दोघे असले की एकाने ओरडून लक्ष वेधायचे व दुसऱ्याने चोच चालवायची, अशी वाटणी करता येते. आपण कधी येऊ शकाल ते कळवावे. एका पडद्यासमोर बसूनच खेळायचे असल्याने या वेळी फोन पुरणार नाही. दुसरा कंट्रोलर मी आणून ठेवला आहे. ओरडण्याचे काम आपण घ्यावे, असे मला वाटते. चोचीचे माझ्याकडे राहू द्यावे.

कळावे, लोभ असावा, ही विनंती.

आपली कृतज्ञ,
एक नवशिकी खेळाडू