पाकिटावर 'जंगली', आत भुशावरचं

महोदय,
परवा बोरिवलीत एका दुकानातून लायन्स मेन मशरूमची पावडर आणली, पाकिटावर ओकच्या झाडाचं चित्र आणि मोठ्ठ्या अक्षरात 'जंगलातून हाताने वेचलेलं', घरी येऊन चष्मा लावून मागचं बारीक वाचलं तर लाकडाच्या भुशावर वाढवलेलं! भुशावर वाढवलंय याला माझी हरकत नाहीच, उलट तेच बरं. कारण हे मशरूम युरोपात ओक नि बीचच्या म्हाताऱ्या झाडांवर येतं, खोडाला जिथे जखम झालेली असते तिथे, पांढरं शुभ्र, टोपी नाही की देठ नाही, नुसते लोंबणारे काटे, लांबून आजोबांची दाढीच वाटते. जुनी झाडं तुटली की हेही गेलं. ब्रिटनमध्ये ते इतकं दुर्मीळ आहे की १९८१ च्या वन्यजीव कायद्याखाली जंगलातलं तोडायला आणि विकायला बंदी आहे. मग 'जंगलातून वेचलेलं' ही जाहिरात कौतुकाची कशी काय? दुकानदाराला विचारलं तर म्हणे, काका, तसं लिहिलं की खपतं.

आपल्याकडे पावसाळ्यात पालघरकडच्या बायका पानात बांधून अळंबी विकायला बसतात ना, वारुळावर उगवणारी, ती खरी जंगलातली. तिची शेती अजून कुणाला नीट जमलेली नाही. तिथे मात्र आपण दहा रुपयांसाठी घासाघीस करतो, आणि या पाकिटाला मी गुपचूप नऊशे मोजले.

- एक वाचक, बोरिवली