दुसऱ्याच्या जागेवर

भुसावळ

चि. मयुरीस,
अनेक आशीर्वाद.

काल फोनवर तू म्हणालीस, "अण्णा, आम्ही कुठं जिंकून आलोय? त्या कॉलेजनं नाव मागे घेतलं म्हणून स्पर्धेत आमच्या फुटबॉल संघाचा नंबर लागला." तेव्हा मला काही बोलता आलं नाही. आज नाइट करून आलो, झोप काही येईना, म्हणून लिहायला बसलो.

ऐझॉल एफसी ऐकलंय ना, मिझोरामचा फुटबॉल क्लब? २०१५-१६ च्या आय-लीगमध्ये, म्हणजे देशाच्या फुटबॉल लीगमध्ये, नऊ संघांत आठवे आले आणि खालच्या गटात गेले. मग गोव्याच्या क्लबांनी माघार घेतली, जागा रिकामी झाली, तेव्हा यांना परत घेतलं. प्रशिक्षक खालिद जमील, तेही मुंबईच्या क्लबातून बाहेर पडलेले. आणि शहर केवढं? आपल्या जळगावाहूनही लहान.

पुढच्या हंगामात समोर कोलकात्याच्या मोहन बागानसारखे जुने, पैसेवाले क्लब. २२ एप्रिल २०१७ ला बागान ऐझॉलला आलं. गोल होता होईना. ८३ व्या मिनिटाला झोमिंगलियाना राल्टेनं डोक्यानं चेंडू आत घातला, १-०. शेवटचा सामना ३० एप्रिलला शिलाँगमध्ये होता. फक्त बरोबरी हवी होती, आणि नवव्याच मिनिटाला तिथल्या लाजाँग क्लबनं गोल केला! तिकडे बागाननं आपला सामना जिंकला. जवळजवळ तासभर हे एका गोलानं मागे. ६७ व्या मिनिटाला लालनुनफेलानं बरोबरी केली, आणि मग उरलेला वेळ नुसता किल्ला लढवला. ऐझॉल ३७ गुण, बागान ३६. ईशान्येतला क्लब पहिल्यांदाच लीग जिंकला. लोक चमत्कार म्हणतात, मला पटत नाही. अठरा सामन्यांत चमत्कार टिकत नसतो, पोरी.

तुला कधी सांगितलं नाही, पण मीही एकदा असाच गेलो होतो. रेल्वे ग्राउंडवर मॅच, एक जण तापानं पडला, त्याचाच शर्ट मला घातला. चेंडू आला की मी लगेच दुसऱ्याला देऊन टाकायचो. माझ्या हातून चूक नको व्हायला, एवढंच डोक्यात. हरलो. चूकही झाली नाही माझ्याकडून, कारण मी खेळलोच नाही. आईला सांगू नकोस, तिला मी सेंटर फॉरवर्ड होतो असं सांगितलंय.

कोचला सांगून कॉर्नरचा सराव जास्त करा. मोठ्या संघाविरुद्ध चेंडू तुमच्याकडे फार वेळ राहणार नाही, पण कॉर्नर दोन-चार तरी मिळतीलच.

भरताची वांगी आलीत. मळ्यातली पार्टी तुझ्यासाठी पुढच्या रविवारवर ढकललीय. आईनं कळण्याचं पीठ दळून ठेवलंय. बुटाचा तळ उखडला होता तो शिवून घेतलास का? पैसे टाकलेत, नवेच घे.

तुझे,
अण्णा