झिलई वरून ओतायची नसते

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या पुरवणीत नुकतीच, जेवणात तोंडी लावण्यासाठी म्हणून, झिलईदार, म्हणजे चकचकीत रसाचा पातळ लेप चढवलेल्या, कंदमुळांची कृती प्रसिद्ध झाली. सोबतचे छायाचित्र पाहून कोणालाही मोह व्हावा असे होते. ती कृती मी वजनकाट्यावर मापे घेऊन, एक शब्दही इकडचा तिकडे न करता, दोनदा करून पाहिली आणि दोन्ही वेळा ताटात एकच गोष्ट आली. गाजराचे जाड तुकडे आतून कच्चट होते, बारीक टोकांचा लगदा झाला होता, बीटाच्या संगतीने साऱ्या भाज्यांचा एकच जांभळट रंग झाला होता आणि ताटाच्या खोलगट भागात गोड पाणी साचले होते. पहिल्या वेळी चूक माझ्या हातची असेल असे धरून चाललो. दुसऱ्या वेळी मात्र कृतीच नीट वाचली, तेव्हा तिचा पायाच चुकला असल्याचे लक्षात आले.

कृतीत सांगितले होते ते असे: गाजर, बीट, सलगम, रताळे आणि बटाटा यांचे तुकडे भरपूर पाण्यात लिंबाचा रस घालून 12 मिनिटे उकडावेत, ते पाणी टाकून द्यावे, मग तीन मोठे चमचे मध लोण्यात गरम करून भाज्यांवर ओतावा. याला उकडलेल्या भाज्यांवर ओतलेला गोड पाक म्हणता येईल. झिलई म्हणता येणार नाही. झिलई हा नेटका मराठी शब्द कृतीत वापरला गेला याचा मला आनंदच झाला, पण चिनी मातीच्या भांड्यावरची झिलई भट्टीत त्या मातीशी एकजीव होते, फासलेल्या रंगासारखी वेगळी राहत नाही. कंदमुळांची झिलईसुद्धा त्यांच्याच अंगच्या रसातून तयार व्हावी लागते, आणि तो रस नेमका त्या पाण्यात असतो जे या कृतीने मोरीत ओतायला लावले.

खरी रीत सोपी आहे, मात्र ती भांड्यापासून सुरू होते. अर्धा किलो गाजरांना साधारण 28 सेंटिमीटर व्यासाचे पसरट आणि जाड बुडाचे भांडे लागते. त्यात सगळे तुकडे एकाच थरात बसले पाहिजेत, कारण एकावर एक चढले की खालचे शिजतात आणि वरचे नुसते वाफारतात. त्यात 30 ग्रॅम लोणी, एक छोटा चमचा साखर, अर्धा छोटा चमचा मीठ आणि तुकडे जेमतेम निम्मे बुडतील इतके पाणी घालायचे. वर घट्ट झाकण न ठेवता बटर पेपरची भांड्याच्या मापाची चकती कापून, तिला मधोमध बोट जाईल एवढे भोक पाडून, ती थेट भाजीवर टेकवायची. घट्ट झाकणाखाली वाफ कोंडते आणि पाणी आटत नाही. उघडे ठेवले तर तुकडे शिजण्याआधीच पाणी संपते. कागदाखाली मात्र वरची बाजू वाफेवर शिजत राहते आणि भोकातून व कडेने पाणी बेताबेताने उडत राहते. 2 सेंटिमीटर जाडीच्या तुकड्यांना मध्यम आचेवर दहा ते पंधरा मिनिटे पुरतात, पण घड्याळापेक्षा सुरीच्या टोकावर विश्वास ठेवावा. टोक सहज आत जावे आणि मध्यावर किंचित अडावे, इतपत शिजले की कागद काढायचा.

इथून पुढची चार-पाच मिनिटे या पदार्थाचा जीव आहेत आणि छापलेल्या कृतीत नेमकी तीच नव्हती. या वेळी भांड्याजवळून हलू नये आणि कान उघडे ठेवावेत. सुरुवातीला उकळीचा मोकळा खळखळाट असतो, बुडबुडे बारीक असतात आणि झपाझप फुटतात. पाणी आटत जाते तसे ते मोठे, जडसर आणि काचेसारखे चकचकीत होत जातात, आवाज खालच्या पट्टीत उतरतो आणि शेवटी त्यात हलकी चुरचुर मिसळू लागते. त्या घटकेला भांड्याचे कान धरून ते गोल फिरवायचे, म्हणजे तुकडे रसात लोळतात. पळीने ढवळले तर कडा मोडतात आणि मोडलेल्या कडांनी रस गढूळ होतो. भांडे तिरके केल्यावर रस पाण्यासारखा न धावता सावकाश ओघळला, तुकड्यांना धरून राहिला, म्हणजे आपण ज्याला अंगासरसा रस म्हणतो तो झाला, की आच बंद करावी. गाजराने शिजताना सोडलेली साखर, थोडे पेक्टिन (भाजीच्या पेशींना जोडून ठेवणारे द्रव्य) आणि क्षार या आटलेल्या रसात असतात, लोण्याचे सूक्ष्म थेंब त्यात सर्वत्र विखुरलेले राहतात, आणि ही सारी चकाकी त्या मिश्रणाची असते.

एखाद्या मिनिटाचाही उशीर झाला तर काय होते तेही सांगतो, कारण ते प्रत्येकाचे कधी ना कधी होणारच. लोण्याचे थेंब धरून ठेवायला पुरेसे पाणी उरत नाही, लोण्याला तेल सुटते, तुकडे एकदम निस्तेज दिसू लागतात आणि बुडाशी पिवळट तवंग जमतो. अशा वेळी अनेक जण घाबरून आणखी लोणी घालतात. त्याने दुखणे वाढते. एक मोठा चमचा पाणी घालून भांडे जोरात फिरवले की फुटलेला रस पुन्हा जुळून येतो. फ्रेंच स्वयंपाकघरात या झिलईच्या दोन तऱ्हा मानतात, पांढरी आणि तपकिरी. पांढऱ्या तऱ्हेत रस रंगहीन असतानाच थांबतात, तपकिरी तऱ्हेत तो किंचित खरपूस होऊ देतात. जोवर भांड्यात पाणी आहे तोवर तापमान 100 अंशांच्या फारसे वर जात नाही आणि साखरेचे करपणे तर 160 अंशांच्या पुढचे, त्यामुळे रंग हवा असेल तर तो पाणी संपतानाच्या त्या अखेरच्या मिनिटातच मिळतो. मला स्वतःला गाजराला पांढरी तऱ्हा आवडते. खरपूसपणात गाजराचा वास हरवतो.

आता मधाबद्दल. 100 ग्रॅम कच्च्या गाजरात साधारण 5 ग्रॅम साखर निसर्गतःच असते आणि बीटात 7 ग्रॅमच्या आसपास. म्हणजे अर्धा किलो गाजरांची स्वतःची साखर पंचवीसेक ग्रॅम झाली. तीन मोठे चमचे मध भरतो साठेक ग्रॅम, आणि त्यातला चार पंचमांश भाग साखरच असतो. गाजराच्या अंगी जेवढी गोडी आहे तिच्या जवळजवळ दुप्पट साखर वरून ओतली, तर जिभेला लागणार मधच, गाजर नव्हे. वर सांगितलेली छोटा चमचाभर साखर गोडीसाठी नसून रसाला थोडे अंग यावे म्हणून आहे, आणि गाजरे कोवळी व ताजी असतील तर तीही वगळता येते. शिवाय उकडलेले पाणी फेकताना नुसती चव जात नाही. क जीवनसत्त्व आणि पोटॅशियम पाण्यात उतरतात आणि तेही मोरीत जातात. याउलट गाजरातील बीटा-कॅरोटीन पाण्यात विरघळत नाही, त्याला स्निग्धांश लागतो, तेव्हा या पदार्थातले लोणी निव्वळ चैन नव्हे.

लिंबाच्या रसाची चूक अधिक बारीक आहे आणि माझी गाजरे कच्चट राहिली ती तिच्यामुळे, याची मला खात्री आहे. भाजीच्या पेशींना एकमेकींशी चिकटवून ठेवण्याचे काम मुख्यतः पेक्टिन करते; ते उष्णतेने सुटू लागले की भाजी मऊ होते. आंबट पाण्यात पेक्टिन टिकून राहते, म्हणून आंबटात टाकलेली भाजी कितीही उकळली तरी लवकर नरम पडत नाही. लिंबू किंवा व्हिनेगर हवेच, नाहीतर हा पदार्थ दोन घासांत गोडमिट्ट वाटतो, पण ते आच बंद केल्यावर, चमचाभर, शेवटच्या हेलकाव्याबरोबर घालावे. उलट दिशेची चूकही ओघाने सांगून ठेवतो: लवकर शिजावे म्हणून सोड्याची चिमूट टाकण्याची सवय काहींना असते. त्याने पेक्टिन इतके झटपट सुटते की तुकड्याचा पृष्ठभाग बुळबुळीत होतो आणि गाभा तसाच राहतो.

तुकडे कसे करावेत याबद्दल कृतीत ‘चौकोनी तुकडे’ एवढेच होते. गाजर वरून जाड आणि खाली निमुळते, त्यामुळे सरळ चकत्या केल्या तर एकीच्या दोन-तीन पट दुसरी होते. सुरी तिरकी धरून एक काप द्यावा, गाजर पाव वळसा फिरवावे, पुन्हा तिरका काप द्यावा, आणि टोकाकडे जाताना कापांतले अंतर थोडे वाढवावे; सगळे तुकडे आकाराने वेगवेगळे पण वजनाने जवळपास सारखे पडतात आणि प्रत्येकाला रस धरायला पुष्कळ पृष्ठभाग मिळतो. फार जून गाजराचा मधला फिकट दांडा काढून टाकलेलाच बरा.

पाच भाज्या एकाच भांड्यात घालण्याला तर माझा ठाम विरोध आहे. बीटाचे रंगद्रव्य पाण्यात विरघळते आणि शेजाऱ्यांना रंगवल्याशिवाय राहत नाही. बीट सालासकट, देठाचा बोटभर भाग राखून, अखंड उकडावे, मग सोलून त्याच्या फोडी नव्या पाण्यात वेगळ्या झिलईत घ्याव्यात. शेवटी घातलेल्या आंबटाने त्याचा लाल रंग खुलतो आणि त्याचा मातीचा वासही कमी होतो. सलगमाच्या बाबतीत मला माझ्याच म्हणण्याला अपवाद करावा लागतो. मोठ्या, जून सलगमाचा कडवटपणा इतका असतो की साल जाड काढून, फोडी दोन मिनिटे उकळून ते पहिले पाणी टाकून द्यावेच लागते. लहान, कोवळ्या सलगमाला याची गरज नाही. मुळा कृतीत नव्हता, पण तो या रीतीला उत्तम चालतो: शिजताना त्याचा तिखटपणा जातो आणि मागे एक मवाळ, रसाळ चव उरते.

रताळ्याचा प्रश्न वेगळा आहे. त्यात स्टार्च बरेच असते आणि ते स्टार्च साखरेत बदलणारे विकर (एन्झाइम) रताळ्यातच असते. साधारण 60 ते 75 अंशांच्या टापूत ते जोमाने काम करते, म्हणून रताळे जितके सावकाश तापवावे तितके गोड होत जाते आणि त्यात वरून साखर घालणे हा शुद्ध अविचार ठरतो. मात्र तेच स्टार्च रसात उतरले की रस दुधाळ होतो आणि चकाकी मंदावते. फोडी कापल्यावर थंड पाण्यातून काढून घेतल्या आणि लोळवण्याचे काम हलक्या हाताने केले, तर बऱ्यापैकी जमते. बटाटा मात्र यातून सरळ वगळावा. तो मुळात मूळ नाहीच, जमिनीखाली वाढलेले खोड आहे, पण माझा आक्षेप वनस्पतिशास्त्राचा नाही. त्याच्या अंगी साखर नावापुरती आणि स्टार्च भरपूर, त्यामुळे तो झिलई देण्याऐवजी रस घट्ट आणि गढूळ करून टाकतो.

शेवटचा मुद्दा कृतीच्या तळटीपेबद्दल आहे आणि मला तो सर्वांत तातडीचा वाटतो. ‘आठ जणांसाठी सर्व मापे दुप्पट घ्यावीत’ असे तेथे म्हटले आहे. पाणी किती वेगाने आटेल हे भाजीच्या वजनावर नव्हे, तर भांड्याच्या तोंडाच्या रुंदीवर ठरते. त्याच भांड्यात दुप्पट भाजी आणि दुप्पट पाणी घातले तर आटायला जवळपास दुप्पट वेळ लागतो, आणि तोवर भाजीचा लगदा झालेला असतो. मोठ्या बेतासाठी दोन भांडी शेजारी-शेजारी ठेवावीत, किंवा भाजी आधी बेताची शिजवून, तिचे पाणी जपून, ती वाढण्यापूर्वी थोडी थोडी करून त्याच पाण्यात झिलईला घ्यावी. तळटीप वाचून एखाद्याने पाहुण्यांसाठी हा बेत ठरवलाही असेल, म्हणून पुढील पुरवणीत निदान एवढी एक दुरुस्ती, शक्यतो भांड्याच्या व्यासासह, आपण छापावी अशी विनंती आहे.

आपला,
एक नियमित वाचक