चरित्र अभिनेत्याला ‘विनोदी’ म्हणून उरकू नये

मा. संपादक,
स. न. वि. वि.

सतीश शाह यांच्यावर आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख आपुलकीने लिहिलेला आहे, यात शंका नाही. मात्र २५ ऑक्टोबर २०२५ रोजी ते गेल्यापासून त्यांच्याविषयी जे छापून येत आहे, त्याप्रमाणे याही लेखात त्यांची ओळख ‘साराभाई व्हर्सेस साराभाई’ या मालिकेतले इंद्रवदन आणि ‘हुकमी विनोदी अभिनेते’ एवढ्यावरच आटोपली आहे. चरित्र अभिनेत्याच्या कारकिर्दीचा हिशेब असा मांडणे मला अपुरे वाटते, म्हणून हे पत्र.

इंद्रवदन यायच्या वीस वर्षे आधीच दूरदर्शनवर त्यांचा कस लागला होता. १९८४ मध्ये सुरू झालेल्या ‘ये जो है जिंदगी’मध्ये शफी इनामदार, स्वरूप संपत आणि राकेश बेदी यांच्या भूमिका ठरलेल्या होत्या, शाह यांची तशी एकही नव्हती. ते दर आठवड्याला नवा माणूस होऊन येत. ५५ भागांत ५५ माणसे, असे त्याविषयी नेहमी सांगितले जाते. आकड्याचे कौतुक सगळेच करतात, पण त्यामागचे काम फारसे कोणी उलगडून दाखवत नाही. पहिल्या काही भागांत कमावलेली ओळख नायकाला शेवटपर्यंत पुरते. दर खेपेला नव्याने येणाऱ्याला ती मुभा नसते. दारातून आत येताना चालीवरून, बोलीच्या हेलावरून, नुसत्या उभे राहण्यावरूनही हा गृहस्थ कोण ते क्षणात कळावे लागते आणि त्याच वेळी गेल्या आठवड्यातला गृहस्थ आठवता कामा नये. तेही असा गोलमटोल, एकदा पाहिला की विसरता न येणारा चेहरा घेऊन! पाठीशी हिंदी व्यंगलेखक शरद जोशी यांची लेखणी होती, हे अर्थातच मान्य करायला हवे.

त्याच्या आदल्या वर्षी आलेल्या ‘जाने भी दो यारो’चा आपल्या लेखात एका वाक्यात निकाल लावला आहे. त्यातले महापालिका आयुक्त डिमेलो जिवंतपणी थोडाच वेळ भेटतात. केक थोडा खाऊन बाकीचा फेकून देण्याची परदेशी रीत ते ऐटीत सांगतात, आणि पुढे चित्रपटात वावरते ते त्यांचे प्रेत. कोणी ते ओढतो, कोणी लपवतो. ओम पुरी यांचा तर्र झालेला आहुजा शवपेटीलाच बंद पडलेली मोटार समजून मदतीला धावतो, आणि अखेर महाभारताच्या नाटकात हेच प्रेत साडी नेसून द्रौपदी म्हणून उभे राहते. हा प्रसंग पुन्हा पाहण्याची संधी मिळाली तर आरडाओरडा करणाऱ्यांकडे लक्ष न देता केवळ शाह यांच्याकडे पाहावे. भोवतीच्या झटापटीत अंग लुळे ठेवायचे, प्रत्येक हिसक्यासरशी ढळायचे, पण आपण होऊन ढळतो आहोत असे दिसू द्यायचे नाही, हे पानभर संवाद म्हणण्याहून कठीण आहे. याला ‘विनोदाचे टायमिंग’ म्हणून मोकळे होणे म्हणजे तबलजीला ‘हात छान चालतो’ म्हणण्यापैकी आहे.

ही सारी मेहनत गाठीशी होती, म्हणून २००४ मध्ये इंद्रवदन इतका सहज जमून आला. तिथे काम नेमके उलटे होते: माणूस एकच, आणि तो भागामागून भाग ताजा राहायला हवा. सासू-सुनेच्या चकमकीत हळूच एक वाक्य टाकून बाजूला होणारा, मुलाच्या कवितेची पुरेपूर मजा घेणारा हा खोडकर नवरा रत्ना पाठक शाह यांच्या करारी मायासमोर उभा होता, आणि या दोघांची जोडी त्याआधी ‘फिल्मी चक्कर’ या मालिकेतही जमलेली होती.

मराठी वृत्तपत्रातील लेखात १९८७ च्या ‘गंमत जंमत’चा साधा उल्लेखही नसावा, याचे मात्र आश्चर्य वाटले. सचिन पिळगावकर यांच्या त्या चित्रपटातला सतीश शाह यांचा पोलीस अधिकारी आमच्या पिढीला अजून आठवतो.

नायकांवरील लेखासोबत आपण वर्षवार चित्रपटसूची चौकटीत देता. चरित्र अभिनेत्यांसाठीही ती द्यावी, आणि तिच्यात केवळ चित्रपटांची नावे नकोत, तर भूमिका, लेखक, दिग्दर्शक आणि मालिकाही असाव्यात. शाह यांची सूची करायला घेतलीत, तर ‘ये जो है जिंदगी’समोर ‘विविध भूमिका’ एवढेच लिहून ती पंचावन्न माणसे एका ओळीत कोंबू नयेत, एवढी विनंती.

आपला,
एक नियमित वाचक